आवक क्रमांक ११४७ आणि इतर गमती

मी, खाली सही करणारी, वय वर्षे चौऱ्याहत्तर, अविवाहित, पाणीपुरवठा कार्यालयातून कार्यालय अधीक्षक म्हणून निवृत्त, राहणार दुसऱ्या मजल्यावरची तीन खोल्यांची जागा, हे मृत्युपत्र माझ्या हाताने, माझ्या पेनाने आणि माझ्या मर्जीने लिहीत आहे. डोके ठिकाणावर आहे. तळमजल्यावरच्या डॉक्टरांनी तसा दाखला दिला आहे. तो देण्याआधी त्यांनी मला शंभरातून सात सात वजा करत जायला सांगितले. मी दोनावर येऊन थांबले. मध्ये एकदा त्यांनी मला अडवले, पण चूक त्यांची निघाली. याआधी मी कोणतेही मृत्युपत्र केलेले नाही, त्यामुळे रद्द करण्यासारखे काही नाही.

वाचणाऱ्याने हे कागद पहिल्या ओळीपासून वाचावेत. मधली पाने उलटून घर कोणाला मिळाले ते आधी बघू नये. तसे कोण करील ते मला माहीत आहे.

कलम १. माझा देह वैद्यकीय महाविद्यालयाला द्यावा. अर्ज भरून ठेवला आहे, पोच स्वयंपाकघराच्या दाराच्या आतल्या बाजूला चिकटवली आहे. विद्यार्थी माझ्यावर हसतील खिदळतील याची मला कल्पना आहे. त्यांचे वय तरी हसण्याचे असेल.

कलम २. माझ्यानंतर शोकसभा घेऊ नये. आमच्या कार्यालयातल्या निवृत्त मंडळींनी तर मुळीच घेऊ नये. या मंडळींचा मोबाइलवर एक गट आहे. नाव ‘सोनेरी शाई’. सकाळी उठून कोणीतरी शाईच्या दौतीचा फोटो टाकतो, कोणी जुन्या स्टॅम्प पॅडचा, आणि मग सत्तरी ओलांडलेली माणसे दिवसभर एकमेकांना विचारत बसतात, आठवतं का, खुर्चीवर टाचणी उभी केली होती? मला आठवते. ज्या नोंदणी कारकुनाच्या खुर्चीवर ती उभी केली त्याला मधुमेह होता. जखम दोन महिने भरली नाही. तो उभ्याने जेवायचा. हे त्या गटावर कोणी लिहीत नाही.

गट महिन्याच्या पहिल्या रविवारी वाचनालयाच्या सभागृहात जमतो. या महिन्याच्या बैठकीचा विषय होता ‘आपल्या स्टेशनरीच्या गमती’. तिथे माझा धाकटा भाऊ माइक घेऊन उभा राहिला आणि त्याने राजीनाम्याची गोष्ट सांगितली. अडतीस वर्षांत ती त्याने उघड कधी सांगितली नव्हती. सभागृह पोट धरधरून हसले. जिचा तो राजीनामा, ती आमची टंकलेखिका तिथे नव्हती. तिला गटात कोणी घेतलेलेच नाही.

त्या संध्याकाळी गटावर फोटो आला. पहिल्या रांगेत तिसरी मी. त्या फोटोत मी हसते आहे.

हे मृत्युपत्र त्या फोटोमुळे लिहिले जात आहे. माझ्या पोलादी कपाटाच्या खालच्या खणात एक खाकी पाकीट आहे, पाकिटात एक वापरलेला कार्बन पेपर आहे, आणि तो जिच्याकडे जायला हवा तिच्याकडे मी तो अडतीस वर्षे जाऊ दिलेला नाही. बाकी मिळकतीचे काय, ती कोणीही वाटून घेईल. प्रश्न त्या कार्बनचा आहे.

तरी मिळकत क्रमाने घेते. क्रम मोडला की माझी झोप मोडते.

कलम ३. घरचे पोलादी कपाट. कार्यालयात आवक-जावक आणि स्टेशनरीचे कपाट ही दोन्ही कामे एकोणीस वर्षे माझ्याकडे होती. कार्यालयातल्या त्या कपाटाचा नियम एकच होता, जुने द्या, नवे घ्या. पेन्सिलीचे बूड दोन बोटांहून लहान झालेले दाखवा, नवी पेन्सिल घ्या. रिकामी रिफील द्या, भरलेली घ्या. जुना कार्बन द्या, नवा कार्बन घ्या. परत आलेल्या प्रत्येक कार्बनच्या कोपऱ्यावर मी तारीख आणि टेबल क्रमांक लिहायचे. लोकांनी माझे नाव ‘फूटपट्टी’ ठेवले. मागून म्हणायचे. तोंडावर म्हणायची फक्त टंकलेखिका, आणि तिला ते शोभायचे.

माझे घरचे कपाट रिकामे झाले की डॉक्टरांच्या दवाखान्यात द्यावे. दार उचलून लावावे लागते. आपटू नये.

खरी फूटपट्टी, लाकडी, पितळी कडेची, भाचीला द्यावी, म्हणजे माझ्या भावाच्या मुलीला. ती शाळेत गणित शिकवते. ती पट्टीने रेषा मारते, पोरांना मारत नाही, एवढे मी स्वतः वर्गाच्या खिडकीतून पाहिले आहे.

कलम ४. कंपास पेटी. पत्र्याची आहे, झाकणावर पोचा आहे. कोणालाही देऊ नये, भंगारात घालावी. आठवीत मागच्या बाकावरच्या मुलाने माझी वेणी दौतीत बुडवली. मी वळले तशी ती ओली वेणी माझ्याच वहीवर, माझ्याच पांढऱ्या गणवेशावर आणि शेजारणीच्या तोंडावर फिरली. वर्ग हसला. गुरुजीही हसले, आणि मग हसल्याची लाज वाटून त्यांनी मलाच उभे केले. मी पेटी त्या मुलाच्या डोक्यात घातली, पोचा तिथला आहे. त्याचे डोके शाबूत राहिले. पुढे तो शिक्षणाधिकारी झाला आणि निवृत्तीच्या भाषणात त्याने ही वेणीची गोष्ट ‘आमचे निरागस बालपण’ म्हणून सांगितली. आई तो गणवेश तीन दिवस लिंबू आणि मीठ लावून घासत होती. तिच्या बोटांची साल निघाली होती. निरागस.

कलम ५. पंचिंग मशीनमधल्या टिकल्यांची डबी. हिचे काय करायचे ते कलम १० मध्ये आहे. ती माझ्याकडे कशी आली ते इथे सांगते.

आमच्या कार्यालयात काम कमी नव्हते, पण रिकामटेकडी डोकी पुष्कळ होती, आणि त्यांचा म्होरक्या माझा भाऊ. नोकरीला त्याला मीच लावले. साहेबांकडे शब्द टाकायला मी गेले होते, ही माझ्या आयुष्यातली पहिली चूक. कार्यालय त्याला ‘गमत्या’ म्हणायचे. त्याने हेडक्लार्कच्या फोनच्या रिसीव्हरला स्टॅम्प पॅडची शाई फासली. हेडक्लार्क जांभळा कान घेऊन वरिष्ठांच्या बैठकीत दोन तास बसले आणि कोणी त्यांना सांगितले नाही. लेखा शाखेतल्या एका महाभागाने, हल्ली गटावर रोज सुविचार टाकणारा तोच, खुर्चीवर डिंक ओतून ठेवला. मुलाखतीसाठी आलेली एक मुलगी त्यावर बसली. ती उठलीच नाही. सगळे घरी जाईपर्यंत बसून राहिली, आणि मग माझा कोट कमरेला गुंडाळून गेली. कोट दुसऱ्या दिवशी धुऊन, इस्त्री करून परत आला. ती पुन्हा आली नाही.

टंकलेखिकेचा कार्बन उलटा घालणे हे नेहमीचेच होते. पानभर पत्र टाइप करून बाहेर काढावे तर मूळ प्रतीच्या पाठीवर सगळी अक्षरे आरशातली आणि खालची प्रत कोरी. ती म्हणायची, “कोणाच्या हाताला खाज आहे त्याने माझं मशीन पुसून द्यावं.” एकदा पंचिंग मशीनच्या टिकल्या वर्षभर साठवून भावाने तिच्या छत्रीत भरल्या. दारात तिने छत्री उघडली, आणि सगळा पोर्च पांढरा. त्या वेळी ती स्वतः हसली. केसांत टिकल्या घेऊन माझ्या टेबलाशी आली आणि म्हणाली, “फूटपट्टी, मोज बघू किती आहेत. जुन्या देते, नव्या दे.” मीही हसले होते. ते हसणे खरे होते म्हणून लिहिते. पोर्च झाडून त्या टिकल्या मी डबीत भरून ठेवल्या.

कलम ६. भावाविषयी. बैठकीनंतर मी त्याला फोन केला. म्हटले, ती गोष्ट सांगायची तुला लाज कशी वाटली नाही. तो म्हणाला, “ताई, अडतीस वर्षं झाली. आता गंमतच आहे ती.”

मी म्हटले, ती गंमत नव्हती.

तो म्हणाला, “तूही हसलीस की. फोटो आहे.”

मी फोन ठेवला. मग जाऊन तोंड धुतले. दोनदा. किळस कोणाची आली ते मला तेव्हा नीट ठरवता आले नाही. आता ठरले आहे.

कलम ७. कार्बन. हे कलम सावकाश वाचावे.

टंकलेखिकांना रोज संध्याकाळी केलेल्या कामाचे तक्ते द्यावे लागत. तीस-चाळीस कागद. प्रत्येकावर सही. वेळ वाचावा म्हणून सगळ्याजणी ते कागद पायरीसारखे एकाखाली एक मांडत, म्हणजे प्रत्येक कागदाची फक्त खालची दोन बोटे पट्टी दिसेल, आणि मग वरून खाली सह्या करत जात. जिना उतरावा तशा. सगळे कार्यालय तसेच करायचे. साहेबही तसेच करायचे.

त्या दिवशी भावाने तिसऱ्या टेबलावरच्या, दुसऱ्या टंकलेखिकेच्या मशीनवर तीन ओळी टाइप केल्या. वैयक्तिक कारणास्तव मी माझ्या पदाचा राजीनामा देत आहे, तो मंजूर व्हावा, ही विनंती. खाली टंकलेखिकेचे पद. कार्बन घालून खाली एक प्रतही काढली, मित्रांना दाखवायला. मूळ कागद त्याने तिच्या पायरीत मध्येच सरकवला. तिने सही केली. घरी नवरा कारखान्यातल्या अपघातानंतर अंथरुणाला खिळलेला होता, मुलगी चार वर्षांची होती, आणि दुपारचे पावणेतीन वाजले होते. त्या दिवशी लवकर जायचे म्हणून ती सह्या आधीच उरकत होती. कागद ट्रेमध्ये पडले.

त्याचा बेत असा होता की तीनच्या आत ट्रेमधून कागद उचलायचा आणि सव्वातीनला चहा आला की सगळ्यांसमोर वाचायचा. मी ट्रे तीनला रिकामा करते हे त्याला पक्के माहीत होते. माझा काटा कधी पुढेमागे होत नसे. तरी तो तीनला ट्रेपाशी नव्हता. तो जिन्यात उभा राहून, काय गंमत होणार आहे ते चौघांना आधीच सांगत होता.

तीन वाजता मी ट्रे रिकामा केला. राजीनामा हाताला आला. विषय वाचला, सही ओळखली.

आता माझ्या भागाचे सांगते. त्या सकाळी ती एक जुना कार्बन घेऊन दोन नवे मागायला आली होती. मी एक दिला. ती सगळ्यांदेखत म्हणाली, “एक कार्बन जास्त दिलास तर कार्यालय बुडेल का गं?” सगळे हसले. मला ते झोंबले. तीन वाजता तो कागद पाहून माझ्या मनात आले, एवढी मोठी गोष्ट, आणि मला एका शब्दाने सांगितली नाही. तिचे टेबल माझ्यापासून बारा पावलांवर होते. मी उठले नाही. मी शिक्का उचलला, तारीख फिरवली, आवक क्रमांक ११४७ घातला आणि कागद आत साहेबांकडे पाठवला. सही असलेला कागद ट्रेमध्ये आला की त्याला क्रमांक द्यायचा, असा नियम आहे. नियमाच्या आड मी इतक्या सोयीने कधी बसले नव्हते.

एक टंकलेखिका कमी करा, असे वरून आलेले पत्र साहेबांच्या टेबलावर पंधरा दिवस पडून होते. त्यांनी दहा मिनिटांत मंजुरी लिहिली.

कार्यालय सुटताना भाऊ जिन्यात माझ्यापाशी आला. चेहरा पुठ्ठ्यासारखा झाला होता. त्याने सगळे सांगितले. मी म्हटले, चल आत, साहेबांना सांग. तो म्हणाला, “ताई, माझीच नोकरी जाईल. घरात महिन्याचं बाळ आहे.” मी म्हटले, उद्या सकाळी सांग. सकाळी तो रजेवर होता.

सकाळी साहेबांनी टंकलेखिकेला आणि मला आत बोलावले. ती म्हणत होती, मी राजीनामा दिलाच नाही. साहेबांनी विचारले, “ही सही तुमची?” ती म्हणाली, माझीच. मग त्यांनी मला विचारले, “कागद रीतसर आला होता?”

मी म्हणाले, “रीतसर आला होता, साहेब. तीन वाजता. अकराशे सत्तेचाळीस.”

यातला प्रत्येक शब्द खरा होता. इतके घाणेरडे खरे मी पुन्हा कधी बोलले नाही.

तिसऱ्या दिवशी भाऊ माझ्या खिडकीशी आला, तीन जुने कार्बन टाकले आणि तीन नवे घेऊन गेला. जुने द्या, नवे घ्या. सवयीच्या माणसाला पुरावा जाळायचेसुद्धा सुचत नाही. मधल्या कार्बनवर तीनच ओळी होत्या. उजेडाला धरला की वाचता यायच्या. मी कोपऱ्यात तारीख आणि टेबल क्रमांक लिहिला आणि तो वेगळ्या पाकिटात घालून घरी नेला.

अपिलाला तीस दिवस होते. विसाव्या दिवशी ती माझ्या घरी आली. याच खोलीत, याच कपाटाला पाठ लावून बसली आणि म्हणाली, “तुझ्याकडे काही खूण असेल तर बघ ना. तू तर पेन्सिलीचं बूडही टाकत नाहीस.”

मी म्हणाले, “बघते.”

पाकीट तिच्या पाठीमागे वीतभर अंतरावर होते.

पुढे तिने घरी मशीन आणून विद्यार्थ्यांचे प्रबंध टाइप केले. डोळे अधू झाले, मान गेली, नवरा गेला. आता दोन गल्ल्यांपलीकडे ती आणि तिची मुलगी झेरॉक्सचे दुकान चालवतात. मी तिला कामे पाठवत राहिले, आणि ती त्याबद्दल माझे आभार मानत राहिली. दर वाढदिवसाला तिचे टाइप केलेले कार्ड येते. ‘माझ्या सरळ मैत्रिणीस.’ अशी सदतीस कार्डे पाकिटाखाली रचून ठेवली आहेत. एकही पुन्हा वाचण्याची माझी हिंमत नाही.

कलम ८. माझी तीन खोल्यांची जागा, त्यातल्या सामानासह, मी टंकलेखिकेला देत आहे. खाकी पाकीट माझ्या मृत्यूनंतर तिच्या हाती द्यावे आणि कलम ७ तिला वाचून दाखवावे.

(कलम ८ रद्द. कारण खाली. खाडाखोड केलेली नाही, एक सरळ रेघ मारून सही केली आहे.)

येथपर्यंत लिहून मी साक्षीसाठी डॉक्टरांकडे गेले. साक्षीदाराने आतला मजकूर वाचायचा नसतो, पण त्यांनी विचारले म्हणून मी थोडक्यात सांगितले. ते माझ्या दंडाला रक्तदाबाचा पट्टा बांधत होते. म्हणाले, “म्हणजे पाकीट तुमच्यानंतर उघडायचं?”

मी म्हटले, हो.

“मग ती काय म्हणते ते ऐकायला तुम्ही नसणार. सोय चांगली आहे.”

रक्तदाब एकशे सत्तर निघाला. मी वर आले, पाकीट घेतले आणि चालत दुकानात गेले. दोन गल्ल्यांना मला अडतीस वर्षे लागली.

दुकानात गर्दी होती. मी बाजूला उभी राहिले. गर्दी ओसरल्यावर कार्बन तिच्यापुढे ठेवला आणि जे कलम ७ मध्ये लिहिले आहे ते उभ्याने सांगितले. भावाचे, आणि माझेही. काही गाळले नाही.

तिने मशीनचे झाकण उचलले, दिवा लावला आणि कार्बन काचेवर धरला. चष्मा कपाळावर नेला. बराच वेळ पाहत होती. मग म्हणाली, “र बघ. ओळीच्या वर बसलाय. तिसऱ्या टेबलावरचं मशीन, माझं नव्हे. तेव्हा दाखवला असतास तर अर्ध्या मिनिटात सांगितलं असतं.”

तिने मशीनचा दिवा बंद केला.

“तीस दिवस होते ना गं अपिलाला?”

“होते.”

“मी विसाव्या दिवशी आले होते.”

“आली होतीस.”

एक गिऱ्हाईक आले. तिने त्याच्या कागदाच्या बारा प्रती काढून दिल्या, कडा टेबलावर आपटून सारख्या केल्या, सुटे परत दिले. मग बसली. म्हणाली, “कोणी केलं याचं मला काय. गेली ती नोकरी. पण मी लेकीला आयुष्यभर काय शिकवलं? की न वाचता सही करू नको, तुझी आई अशी बुडाली. दारात पार्सल आलं तरी ती पावती दोनदा वाचते. लोक हसतात तिला. माझं चुकलं, माझं चुकलं, हे मी अंथरुणावरच्या त्या माणसालासुद्धा सांगत राहिले. तो मरेपर्यंत.”

मी जागेचे सांगितले. जागा तुझ्या नावे करते आहे, म्हटले.

“नको,” ती म्हणाली. “जागा दिलीस की तुझं झालं. मोकळी होशील. नको मला.”

मग काय करू, मी विचारले. या प्रश्नाचीही मला आता किळस येते, पण विचारला.

ती म्हणाली, “पुढच्या बैठकीला मी येणार. मला बोलावलेलं नाही, तरी येणार. त्याच माइकवर हा कार्बन दाखवणार आणि झालं ते सगळं सांगणार. तू माझ्या शेजारी उभी राहा. बोलू नकोस. फक्त हसू नकोस.”

कार्बन तिने ठेवून घेतला. मला त्याची झेरॉक्स काढून दिली, मागे ‘मिळाला’ लिहून, तारीख घालून, सही करून. सही करण्याआधी स्वतः लिहिलेला तो एक शब्द तिने दोनदा वाचला.

कलम ९. जागा आता भाचीला. सगळी, अट न घालता. तिच्या वडिलांनी तिथे राहायला यायचे म्हटले तर तो तिचा प्रश्न आहे, मी मेल्यावर नियम लावणार नाही. सदतीस कार्डे टंकलेखिकेला परत करावीत. ती ज्या मैत्रिणीला लिहिली होती ती इथे राहत नव्हती.

कलम १०. भावाला टिकल्यांची डबी द्यावी. तिच्यात हजारो टिकल्या आहेत, आणि प्रत्येक टिकली कोणाच्यातरी अर्जाला, बिलाला, तक्रारीला पडलेले भोक आहे. त्याने त्या मोजत बसावे. माफी मी त्याला देऊ शकत नाही, ती माझ्या मिळकतीत नाही. त्याला एवढेच कळवावे की ताईने त्याच्या नोकरीसाठी शब्द टाकला ही तिची पहिली चूक होती, आणि त्याच्यासाठी शब्द गिळला ही शेवटची. पहिलीबद्दल तिला राग आहे. दुसरी तिची स्वतःची आहे.

भावजयीला माझा स्वेटर. त्या बाळाला तिने चांगले वाढवले, तेच आज माझी व्यवस्थापक आहे.

कलम ११. व्यवस्थापक म्हणून मी भाचीला नेमत आहे. पुढची बैठक दोन जुलैला, रविवारी, सकाळी अकराला आहे. मी जाणार आहे. टंकलेखिकेच्या शेजारी, माइकच्या डाव्या बाजूला उभी राहणार आहे. परंतु माझे वय आणि रक्तदाब पाहता, त्याआधी मी मेले तर ही जबाबदारी माझ्याबरोबर मरत नाही. माझ्या जागी व्यवस्थापकाने उभे राहायचे आहे. समोर पहिल्या रांगेत तिचे वडील असतील.

हे मी तिला सगळे सांगून आधी विचारले. तिने फोन धरूनच आधी दार लावून घेतले. मग म्हणाली, “आत्या, बाबा रागावतील.”

मी म्हटले, रागावतील.

“महिन्याचं बाळ म्हणजे मीच ना?”

मी म्हटले, तूच.

ती म्हणाली, “बरं. उभी राहीन.”

उभे कसे राहावे याची सूचना: हात मोकळे सोडावेत. खाली बघू नये. लोक हसू लागतील, सुरुवातीला हसतीलच, कारण त्यांना ती गमतीचीच गोष्ट म्हणून माहीत आहे. शेजारचे हसले की आपले तोंडही आपोआप हसरे होते, मला विचारा. तेव्हा दात दातांवर ठेवावेत. कोणी फोटो काढला तर काढू द्यावा. तोच फोटो गटावर राहू द्यावा.

हे मृत्युपत्र एकूण नऊ पानांचे आहे. पाने पायरीने मांडलेली नाहीत. प्रत्येक पान वेगळे धरून, मोठ्याने वाचून, मग त्याखाली सही केली आहे. साक्षीदार त्या वेळी समोर बसून होते. एकाला दोनदा जांभई आली, तरी त्यांना उठू दिले नाही.

ठिकाण: माझे जेवणाचे टेबल
दिनांक: १९ जून २०२३, सोमवार, दुपारी तीन वाजता

लिहून ठेवणारी: (सही) निवृत्त कार्यालय अधीक्षक, ऊर्फ फूटपट्टी

साक्षीदार १: (सही) तळमजल्यावरचे डॉक्टर. वरील बाईंनी माझ्यासमोर सही केली. शुद्धीत आहेत. रक्तदाब आज एकशे चाळीस.

साक्षीदार २: (सही) समोरच्या जिन्यातले कुलूपवाले. मी फक्त सह्या करताना पाहिलं, मजकूर बाईंनी मोठ्याने वाचला म्हणून कानावर पडला. दोन जुलैला मीही येणार आहे, मागे उभा राहीन.